रांगेल वल्चानोव: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

‘आक्रोश’ला भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाचा सुवर्णमयूर मिळाला होता, हे मराठी रसिकांना ठाऊक असते. तो पुरस्कार त्या वर्षी विभागून दिला गेला होता आणि त्याचा दुसरा मानकरी रांगेल वल्चानोव यांचा ‘अज्ञात सैनिकाचे चकचकीत बूट’ हा बल्गेरियन चित्रपट होता, हे मात्र सहसा कोणाच्या लक्षात राहिलेले नसते. त्या दुसऱ्या चित्रपटाविषयी आणि त्याच्या दिग्दर्शकाविषयी जे प्रश्न मला पुन्हा पुन्हा विचारले जातात, ते येथे एकत्र केले आहेत. एका प्रश्नाचे उत्तर दुसऱ्यात आले असेल तर तेथे क्रमांक दिला आहे.

१. रांगेल वल्चानोव कोण होते?

रांगेल वल्चानोव हे बल्गेरियाचे चित्रपट दिग्दर्शक आणि पटकथाकार होते. त्यांचा जन्म १२ ऑक्टोबर १९२८ रोजी सोफियाजवळच्या क्रिविना या खेड्यात झाला आणि ३० सप्टेंबर २०१३ रोजी, वयाच्या ८४ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. सोफियाच्या नाट्यशिक्षण संस्थेतून दिग्दर्शनाचे शिक्षण घेऊन ते १९५३ मध्ये बाहेर पडले. १९५८ मध्ये त्यांचा पहिला कथापट आला आणि १९९० च्या दशकापर्यंत ते चित्रपट करत राहिले. अधूनमधून ते पडद्यावर अभिनेते म्हणूनही दिसत.

युद्धोत्तर बल्गेरियन चित्रपटाला घोषणांच्या भाषेतून बाहेर काढून माणसाच्या खासगी आयुष्याजवळ नेणाऱ्या पहिल्या काही दिग्दर्शकांत त्यांची गणना होते. माझ्या मते या यादीत त्यांचे नाव अगदी वर यायला हवे. पहिल्या चित्रपटापासूनच त्यांनी व्यक्तीच्या मनाला इतिहासाच्या बरोबरीची जागा दिली, आणि त्या काळी ती गोष्ट मुळीच सोपी नव्हती.

२. त्यांच्या नावाचा उच्चार नेमका कसा करायचा? कोठे ‘वुल्चानोव’ असते, कोठे ‘वाल्चानोव’.

बल्गेरियन लिपीत एक स्वर असा आहे, की रोमन लिपीत त्याच्यासाठी हक्काचे अक्षरच नाही. त्यामुळे कोणी तो ‘यू’ने लिहितो, कोणी ‘ए’ने, आणि वाचणाऱ्याचा गोंधळ होतो. मराठी माणसाला मात्र अडचण पडायला नको, कारण तो स्वर आपल्या ‘अ’च्या फार जवळ जातो. म्हणून ‘वल्चानोव’ असे लिहिले की काम होते. जोर ‘चा’वर येतो आणि बोलताना शेवटचा ‘व’ ‘फ’कडे झुकतो. जुन्या महोत्सव-पत्रिकांत नाव शोधायचे असेल तर तिन्ही वर्णरूपे शोधून पाहावीत.

‘रांगेल’ हे नाव देवदूतांच्या प्रमुखाला जो ग्रीक शब्द आहे त्याचे घासून घासून लहान झालेले रूप आहे. आडनावाच्या मुळाशी ‘लांडगा’ या अर्थाचा ‘वल्क’ हा बल्गेरियन शब्द आहे आणि तो संस्कृतातल्या ‘वृक’ या शब्दाचा दूरचा भाऊबंद आहे. भीमाला ज्यामुळे ‘वृकोदर’ म्हणतात, तोच हा वृक.

३. त्यांचे बालपण कसे होते, आणि त्याचा चित्रपटांशी संबंध आहे का?

संबंध आहे आणि तो फार घट्ट आहे. क्रिविना हे सोफियाच्या मैदानातले, इस्कर नदीच्या खोऱ्यातले गाव. या परिसरातल्या शेतकरी लोकांना ‘शोप’ म्हणतात. शोप माणूस हट्टी, काटकसरी, तिरकस बोलणारा आणि सहजासहजी कोणाचा मोठेपणा न मानणारा, अशी त्याची ख्याती बल्गेरियाभर आहे, आणि त्याच्यावरचे असंख्य विनोद घरोघरी सांगितले जातात. त्यांची बोली प्रमाण बल्गेरियनपेक्षा वेगळी आहे आणि शहरात ती बोलणाऱ्याला लोक हसतात.

वल्चानोव यांचे बालपण दोन महायुद्धांच्या मधल्या काळात या लोकांत गेले. कच्च्या कातड्याचे, पायाला वाद्यांनी बांधायचे ‘त्सर्वुली’ नावाचे पायताण, कापणी-मळणीचे दिवस, गावभर चालणारी लग्ने आणि तितक्याच ताकदीने चालणारे शोक हे सगळे त्यांनी लहानपणी पाहिले होते. पुढे ते त्यांच्या सर्वांत महत्त्वाच्या चित्रपटात आले. त्याविषयी प्रश्न ९ मध्ये सविस्तर लिहिले आहे.

४. त्या काळी बल्गेरियात चित्रपट सरकारी होता म्हणतात. म्हणजे दिग्दर्शकाला नेमके काय करावे लागत असे?

बल्गेरियातील चित्रपटव्यवसायाचे १९४८ मध्ये राष्ट्रीयीकरण झाले. त्यानंतर निर्माता, वितरक आणि चित्रपटगृहाचा मालक या तिन्ही भूमिका सरकारच्याच होत्या. दिग्दर्शक हा सरकारी स्टुडिओचा पगारी माणूस असे, आणि पटकथा कलामंडळाकडून व वरिष्ठांकडून मंजूर झाल्याशिवाय कॅमेरा हलत नसे.

या व्यवस्थेत पैशासाठी वणवण करावी लागत नसे. परंतु कथा नामंजूर झाली तर दुसऱ्या कोणाचे दार ठोठावण्याची सोयही नसे. म्हणून बल्गेरियन चित्रपटाच्या संदर्भात ‘बंदी’ हा शब्द वापरताना जपावे लागते. चित्रपट पूर्ण होऊन डबाबंद होणे ही एक गोष्ट, आणि पटकथा कपाटातच पडून राहणे ही दुसरी. वल्चानोव यांच्या वाट्याला मुख्यतः दुसरी गोष्ट आली (प्रश्न १२ पाहावा).

५. त्यांचा पहिला चित्रपट कोणता, आणि तो इतका महत्त्वाचा का मानतात?

पहिला चित्रपट ‘ना माल्किया ओस्त्रोव’, म्हणजे ‘छोट्या बेटावर’. तो १९५८ मध्ये आला. बुर्गास शहराजवळ काळ्या समुद्रात सेंट अनास्तासिया नावाचे चिमुकले बेट आहे. १९२३ चा साम्यवाद्यांचा उठाव चिरडल्यानंतर तेथे राजकीय कैदी ठेवले जात. १९२५ च्या उन्हाळ्यात तेथून ४३ कैदी पळाले, ही इतिहासातली घटना आहे, आणि साम्यवादी राजवटीत त्या बेटाचे नावच ‘बोल्शेविक’ असे ठेवले होते. अशा विषयावर चित्रपट म्हटल्यावर वीरगाथेची अपेक्षा असणे स्वाभाविक होते.

वल्चानोव आणि त्यांचे पटकथाकार वालेरी पेत्रोव यांनी ती अपेक्षा पूर्ण केली नाही. त्यांनी गर्दीतून मोजके कैदी निवडले आणि त्यांची भीती, चेष्टामस्करी, एकमेकांवरचा अविश्वास आणि मग हळूहळू जडलेला जिव्हाळा दाखवला. चारी बाजूंनी पाणी, वर आकाश आणि एवढ्याशा जागेत कोंडलेली माणसे. कॅमेरा या बेटाकडे असा पाहतो, की समुद्र कधी मोकळीक वाटतो आणि कधी भिंत. चित्रपट प्रेक्षकाला विजयाचा सोपा दिलासा देत नाही. क्रांतिकारक हाही घाबरणारा माणूस असतो, हे १९५८ मध्ये दाखवणे अधिकृत टीकाकारांना रुचणारे नव्हते, आणि त्यांचा रोष चित्रपटाला सोसावा लागला. आज बल्गेरियन चित्रपटाचा इतिहास सांगताना या चित्रपटापाशी थांबल्याशिवाय कोणाला पुढे जाता येत नाही.

६. वालेरी पेत्रोव यांचे नाव सतत येते. ते कोण, आणि दोघांनी मिळून काय काय केले?

वालेरी पेत्रोव (१९२०–२०१४) हे बल्गेरियाचे फार मोठे कवी. शेक्सपिअरची सगळी नाटके त्यांनी बल्गेरियनमध्ये आणली. वल्चानोव यांच्या सुरुवातीच्या तीन चित्रपटांच्या पटकथा त्यांच्याच आहेत, आणि त्या तिन्हींना छायालेखक दिमो कोलारोव आणि संगीतकार सिमेओन पिरोन्कोव यांची साथ आहे. दिग्दर्शक, कवी, छायालेखक आणि संगीतकार अशी चौघांची ही जुळलेली मंडळी होती. तिन्ही चित्रपट सलग पाहिले की चौघांनी एकच सूर धरल्यासारखे वाटते.

दुसरा चित्रपट ‘पर्वी उरोक’, म्हणजे ‘पहिला धडा’ (१९६०). दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या सोफियात एक गरीब घरचा मुलगा आणि एक सुखवस्तू घरातली मुलगी प्रेमात पडतात. भोवतालचे जग त्यांना एकत्र राहू देत नाही. हा चित्रपट १९६० च्या कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता. वर्गभेदाची गोष्ट सांगतानाही चित्रपट मुलीला खलनायिका करत नाही, आणि मला त्याचे सगळ्यात मोठे बळ तेच वाटते.

तिसरा ‘स्लन्त्सेतो इ स्यान्काता’, म्हणजे ‘सूर्य आणि सावली’ (१९६२). समुद्रकिनारा, एक मुलगा, एक परदेशी मुलगी आणि एक उन्हाळी दिवस, गोष्ट एवढीच. मुलीची भूमिका आना प्रुचनाल या पोलिश अभिनेत्रीने केली आहे आणि मुलाची गेओर्गी नाउमोव यांनी, जे ‘पहिला धडा’मध्येही नायक होते. वाळू, पाण्यावरचे ऊन, दोघांचे पोहणे आणि हसणे चालू असताना मुलीच्या मनात अणुयुद्धाची भीती डोकावते आणि त्याच उन्हाचा रंग पालटून जातो. क्यूबातील क्षेपणास्त्रांवरून जग त्याच वर्षाच्या ऑक्टोबरमध्ये अणुयुद्धाच्या उंबरठ्यावर जाऊन आले, हे लक्षात घेतले की त्या भीतीचे वजन कळते. संवाद फार कमी आहेत. कवितेचा चित्रपट करायचा म्हणजे पात्रांच्या तोंडी कविता घालायची नसते, हे मला या चित्रपटाने शिकवले.

सोव्हिएत राजवटीला नकोसे झालेले रशियन लेखक सोल्झेनित्सिन यांना १९७० चे नोबेल मिळाल्यावर बल्गेरियातील लेखकांकडून निषेध मागवला गेला. तो करायला नकार देणाऱ्या थोड्या जणांत पेत्रोव होते आणि त्यासाठी त्यांना साम्यवादी पक्षातून काढण्यात आले. तरीही दोघे पुन्हा एकत्र आले. ‘स ल्युबोव इ नेझ्नोस्त’, म्हणजे ‘प्रेमाने आणि हळुवारपणे’ (१९७८), या चित्रपटाची पटकथा पेत्रोव यांचीच आहे आणि त्याच्या केंद्रस्थानी एक शिल्पकार आहे.

७. त्यांनी गुन्हेगारीपट केले होते का?

होय. ‘इन्स्पेक्तोरत इ नोश्ता’, म्हणजे ‘इन्स्पेक्टर आणि रात्र’ (१९६३), हा त्यांचा गुन्हेशोधाचा चित्रपट. त्याचे लेखन बोगोमिल राइनोव यांचे; त्यांच्या हेरकथा आणि गुन्हेकथा बल्गेरियात अतिशय लोकप्रिय होत्या. वल्चानोव यांनी इन्स्पेक्टरच्या भूमिकेसाठी गेओर्गी कालोयांचेव यांना घेतले, हे या चित्रपटातले धाडस. कालोयांचेव हे विनोदी नट म्हणून घराघरात पोहोचलेले. त्यांचा इन्स्पेक्टर दमलेला आहे, एकटा आहे, आणि रात्रीच्या सोफियात खुनी शोधता शोधता भेटणाऱ्या माणसांच्या एकटेपणाशी त्याची ओळख होत जाते. त्यांच्यासोबत नेवेना कोकानोवा आहेत. बल्गेरियन पडद्यावर त्यांच्याइतके प्रेम क्वचितच कोणा अभिनेत्रीला मिळाले असेल.

त्यानंतर ‘वल्चित्साता’, म्हणजे ‘लांडगीण’ (१९६५), आला. तो सुधारगृहातल्या मुलींविषयी आहे. त्यात संस्था माणसाला वळण लावते की मोडते, हा प्रश्न दिग्दर्शक उघडपणे विचारतो. याच्याशी नाते सांगणारा आणखी एक चित्रपट १९७५ मध्ये आला. त्याच्या शीर्षकावरून होणाऱ्या गोंधळाविषयी प्रश्न १४ पाहावा.

८. त्यांचे काही चित्रपट चेक भाषेत आहेत. ते देश सोडून गेले होते का?

नाही, ते देश सोडून गेलेले नव्हते. १९६० च्या दशकाच्या अखेरीस आणि १९७० च्या आरंभी त्यांनी चेकोस्लोव्हाकियात काम केले. ‘इसाप’ हा सहनिर्मितीतला चित्रपट, आणि ‘मुखवट्यामागचा चेहरा’ व ‘संधी’ हे आणखी दोन, अशी या काळातली कामगिरी आहे. ‘इसाप’मध्ये इसाप कालोयांचेव झाले आहेत. सत्ताधीशासमोर सत्य सांगायचे तर ते प्राण्यांच्या गोष्टीत लपवून सांगावे लागते, हा त्याचा गाभा. ऑगस्ट १९६८ मध्ये प्रागच्या रस्त्यांवर सोव्हिएत रणगाडे आले होते, हे ठाऊक असलेल्या प्रेक्षकाला इसापच्या गुलामगिरीचा अर्थ वेगळा उलगडून सांगावा लागत नाही. या चित्रपटाचे वर्ष काही ठिकाणी १९६९ तर काही ठिकाणी १९७० असे आढळेल. चित्रपट एकच आहे.

९. ‘अज्ञात सैनिकाचे चकचकीत बूट’ हा चित्रपट नेमका कशाविषयी आहे?

हा प्रश्न मला सर्वाधिक वेळा येतो, आणि गोष्ट दोन ओळींत सांगता येईल असा हा चित्रपट नाही. तो १९७९ चा आहे; लेखन आणि दिग्दर्शन दोन्ही वल्चानोव यांचे, छायालेखन रादोस्लाव स्पासोव यांचे आणि संगीत किरिल दोन्चेव यांचे.

सुरुवात लंडनमध्ये होते. बकिंगहॅम राजवाड्यासमोर पहारा बदलण्याचा सोहळा चालू आहे. अस्वलाच्या कातड्याच्या उंच टोप्या, लाल डगले, एका तालात पडणारी पावले आणि आरशासारखे लखलखणारे काळे बूट. बघ्यांच्या गर्दीत उभ्या असलेल्या एका प्रौढ बल्गेरियन पाहुण्याची नजर त्या बुटांवर ठरते आणि तेथून तो थेट आपल्या खेड्यात, आपल्या बालपणात जाऊन पोहोचतो.

पुढे जे दिसते ते मोने नावाच्या लहान मुलाच्या डोळ्यांनी. शोप लोकांचे गरीब खेडे, आजी-आजोबा, शेत, जनावरे, लग्न, मरण, भांडणे, खाणे आणि उपाशी राहणे. घटना एकीतून दुसरी अशा क्रमाने येत नाहीत. आठवण जशी येते, एका वासावरून किंवा एका आवाजावरून, तशा त्या येतात. बहुतेक माणसे व्यावसायिक नट नाहीत. उन्हाने रापलेले चेहरे, भेगाळलेले हात आणि जिभेवरची शोप बोली यांचा अभिनय करता येत नाही, हे दिग्दर्शकाने ओळखले होते.

एक गोष्ट मुद्दाम सांगतो. खेड्यातले बालपण म्हटले की पडद्यावर हमखास हळवेपणा उतरतो. येथे दिग्दर्शकाला आपल्या माणसांवर अपार माया आहे, तरी तो त्यांना गोड करत नाही. ती माणसे चिडतात, कंजूषपणा करतात, एकमेकांना लागेल असे बोलतात, आणि त्याच दमात हसवतात. मुलाच्या नजरेला यातले काहीच विसंगत वाटत नाही. मोने न्याय करत नाही, तो फक्त पाहतो. आणि त्याच्याबरोबर पाहणाऱ्या प्रेक्षकालाही हळूहळू न्याय करण्याची घाई उरत नाही. मी हा चित्रपट अनेकदा पाहिला आहे, आणि दर वेळी लंडनची शिस्तबद्ध रांग मागे पडून गावातली वेडीवाकडी गर्दी समोर आली की जीव निवतो.

१०. शीर्षकाचा अर्थ काय? अज्ञात सैनिक कोण आणि त्याचे बूट कोठून आले?

मूळ शीर्षक ‘लाचेनिते ओबुव्की ना नेझ्नायनिया वोइन’ असे आहे. ‘लाचेनी’ म्हणजे लाखेसारखा लखलखीत लेप दिलेले, आपण ज्याला पेटंट लेदर म्हणतो तसल्या कातड्याचे. गंमत अशी, की ज्या शब्दावरून हे विशेषण आले तो युरोपभर फिरलेला शब्द मुळात आपल्या ‘लाक्षा’ या शब्दापर्यंत, म्हणजे लाखेपर्यंत, पोहोचतो.

‘अज्ञात सैनिक’ म्हटले की युद्धस्मारक आणि त्याच्यासमोरची ज्योत डोळ्यांपुढे येते. चित्रपटात मात्र आधी दिसतो तो राजवाड्यासमोरचा पहारेकरी. त्याला कोणी नावाने ओळखत नाही, त्याचे फक्त बूट दिसतात. दुसरीकडे त्सर्वुली घालणारी किंवा अनवाणी राहणारी गावची माणसे आहेत, ज्यांच्या नावाने कोठेही स्मारक होणार नाही. माझ्या समजुतीप्रमाणे शीर्षकातला खरा अज्ञात माणूस हा दुसरा आहे आणि चित्रपट म्हणजे त्याला उशिरा घातलेले बूट आहेत. दुसरा अर्थही लागू शकतो. सोहळ्याची चमक आणि मातीतले आयुष्य यांतले अंतर मात्र कोणत्याही अर्थात कायम राहते.

११. सुवर्णमयूर आणि ‘आक्रोश’ यांची हकीगत काय आहे?

भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाचे आठवे अधिवेशन १९८१ मध्ये नवी दिल्लीत भरले होते. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सुवर्णमयूर त्या वर्षी दोन चित्रपटांना विभागून मिळाला: गोविंद निहलानी यांचा ‘आक्रोश’ आणि वल्चानोव यांचा ‘अज्ञात सैनिकाचे चकचकीत बूट’. ‘आक्रोश’ हिंदी असला तरी त्याचे लेखन विजय तेंडुलकरांचे, त्यामुळे मराठी माणसाला तो घरचाच वाटतो. हा महोत्सव २००४ पासून गोव्यात भरतो, म्हणून हा पुरस्कार पणजीत दिला गेला असे काही जण समजतात. तसे नाही, तो नवी दिल्लीतला आहे.

दोन्ही चित्रपट वरवर एकमेकांच्या उलट आहेत. ‘आक्रोश’ काळोखा, आवळलेला आणि संतापाने भरलेला. बल्गेरियन चित्रपट उन्हातला, पसरट आणि हसरा. तरीही एका पुरस्कारात ते शेजारी बसले, याचे मला कधी नवल वाटले नाही. ओम पुरी यांचा लहान्या भिकू चित्रपटभर बोलत नाही, कारण त्याच्या बोलण्याला किंमत नाही हे त्याने ओळखलेले आहे. वल्चानोव यांचे शोप शेतकरी अखंड बोलतात, पण त्यांचे बोलणेही अधिकृत इतिहासात कोठे नोंदले गेलेले नाही. तेंडुलकर-निहलानींनी न बोलणाऱ्याचे मौन ऐकायला लावले आणि वल्चानोव यांनी बोलणाऱ्यांची बोली जपून ठेवली.

१२. त्यांच्या चित्रपटांवर बंदी आली होती का?

या बाबतीत वल्चानोव यांची गोष्ट बिन्का झेल्याझ्कोवा यांच्या गोष्टीपासून वेगळी ठेवावी, कारण दोघांची गल्लत होते. झेल्याझ्कोवा आणि त्यांचे पती ख्रिस्तो गानेव यांनी १९५७ मध्ये पूर्ण केलेला पहिला चित्रपट रोखला गेला, तो थेट १९८८ मध्ये लोकांसमोर आला. पूर्ण झालेला चित्रपट तीन दशके कपाटात राहण्याची अशी वेळ वल्चानोव यांच्यावर आली नाही.

त्यांना वाट पाहावी लागली ती कागदावर. ‘चकचकीत बूट’ची पटकथा चित्रीकरणाच्या कितीतरी वर्षे आधी लिहून तयार होती आणि तिला मान्यता मिळत नव्हती. ज्या खेड्यात पक्ष नाही, क्रांतीची चाहूल नाही, नुसती माणसे आहेत, त्याचे काय करायचे हा वरिष्ठांपुढचा प्रश्न असावा. एका दृष्टीने या विलंबाचा फायदाच झाला असे मला वाटते. पन्नाशीच्या माणसाने मागे वळून पाहताना जी नजर लाभते, ती तिशीतल्या दिग्दर्शकाकडे असतीच असे नाही. पण म्हणून विलंब करणाऱ्यांचे आभार मानायचे कारण नाही.

१३. ते मुळात दिग्दर्शक की पटकथाकार?

मुळात दिग्दर्शक. सुरुवातीला त्यांनी दुसऱ्यांच्या, विशेषतः कवी-लेखकांच्या, पटकथांवर काम केले (प्रश्न ६ आणि ७). पुढे ते स्वतः लिहिलेल्या पटकथांवरही चित्रपट करू लागले आणि ‘चकचकीत बूट’ हे त्यांच्या लेखनाचे शिखर. दोन्ही प्रकारच्या चित्रपटांत फरक जाणवतो. पेत्रोव यांच्या पटकथांत एक नेटकी, कवितेसारखी बांधणी आहे. स्वतः लिहिलेल्या चित्रपटात वल्चानोव अधिक सैल, अधिक धीट आणि शोप माणसासारखे तिरकस होतात.

१४. सारख्या शीर्षकांमुळे माझा गोंधळ होतो. कोणता चित्रपट कोणाचा?

गोंधळाच्या तीन जागा आहेत. सर्वांत फसवी जागा अशी: ‘पर्वी उरोक’ (१९६०) हा रांगेल वल्चानोव यांचा आणि ‘उरोक’ (२०१४) हा क्रिस्तिना ग्रोझेवा व पेतर वल्चानोव या जोडीचा. दोन्ही शीर्षकांत ‘धडा’ आहे आणि दोन्हीकडे आडनाव वल्चानोव आहे. पेतर वल्चानोव हे आजच्या पिढीचे, १९८२ मध्ये जन्मलेले दिग्दर्शक आहेत, आणि त्यांचा ‘उरोक’ कर्जात बुडालेल्या एका शिक्षिकेची आजच्या काळातली गोष्ट सांगतो.

दुसरी जागा ‘इन्स्पेक्टर आणि रात्र’ (१९६३) आणि ‘स्लेदोवातेल्यत इ गोराता’, म्हणजे ‘तपास अधिकारी आणि अरण्य’ (१९७५). दोन्ही वल्चानोव यांचेच आहेत, पण दुसरा पहिल्याचा पुढचा भाग नव्हे. दुसऱ्यात खुनाचा आरोप एका तरुण मुलीवर आहे, आणि तपास करणाऱ्यापुढे खरा पेच गुन्हा कोणी केला हा नसून त्याला गुन्हा म्हणायचे का, हा आहे.

तिसरी जागा ‘कोठे’ या शब्दाची. ‘झा कदे पतुवाते?’, म्हणजे ‘कोठे निघालात?’ (१९८६), आणि ‘आ सेगा नाकदे?’, म्हणजे ‘आणि आता कोठे?’ (१९८८), हे लागोपाठ आलेले दोन चित्रपट. पहिला कान महोत्सवाच्या ‘अँ सर्तें रगार’ विभागात दाखवला गेला. दुसऱ्यात नाट्यशाळेच्या प्रवेशपरीक्षेला आलेली तरुण मुले-मुली आहेत. परीक्षक त्यांना जे जे करायला सांगतात त्यातून त्यांची मने उघडी पडत जातात. १९८८ मध्ये एका सबंध तरुण पिढीला ‘आणि आता कोठे?’ असे विचारणारा चित्रपट आला आणि १० नोव्हेंबर १९८९ रोजी साम्यवादी नेते तोदोर झिव्कोव यांची राजवट कोसळली.

१५. राजवट बदलल्यानंतर त्यांनी काय केले?

१९९३ मध्ये त्यांचा ‘फाताल्ना नेझ्नोस्त’, म्हणजे ‘जीवघेणा हळुवारपणा’, हा चित्रपट आला. सरकारी पैसा आटला होता आणि चित्रपटांची संख्या एकदम घसरली होती. पूर्वी परवानगीची वाट पाहणाऱ्या दिग्दर्शकांवर आता पैशाची वाट पाहण्याची पाळी आली. त्यांच्या कारकिर्दीचा भरगच्च भाग १९५८ ते १९८८ या ३० वर्षांतलाच आहे.

१६. आमच्या चित्रपट मंडळात ‘आक्रोश’ आणि ‘चकचकीत बूट’ एकाच संध्याकाळी दाखवावेत का?

कल्पना आकर्षक आहे, पण मी तसे करू नका असे सांगेन. ‘आक्रोश’चा शेवट झाल्यावर लोकांना तासभर तरी दुसरे काही पाहण्याची ताकद राहत नाही, आणि उलट क्रम लावला तर मोनेच्या गावातून बाहेर पडायला वेळच मिळत नाही. लागोपाठच्या दोन आठवड्यांत दोन चित्रपट ठेवावेत आणि बल्गेरियन चित्रपट आधी घ्यावा. वेळ असेल तर त्याच्याआधी ‘सूर्य आणि सावली’ दाखवावा, म्हणजे हा दिग्दर्शक किती कमी शब्दांत काम करू शकतो हेही कळते.

उपशीर्षके वाचून दाखवणारा कोणी ठेवत असाल, तर शोप बोलीचे भाषांतर पुस्तकी मराठीत करू नका. तुमच्या भागात आजी जशी बोलत असे, तसेच मोनेच्या आजीला बोलू द्या. वऱ्हाडात ती वऱ्हाडीत बोलेल, कोल्हापुरात कोल्हापुरीत, मालवणात मालवणीत. आणि सुरुवातीच्या लंडनच्या प्रसंगात वाचणाऱ्याने काहीच बोलू नये. तेथे फक्त बुटांचा आवाज ऐकू यायला हवा.